सामुराईचा खेळ आणि समाजाचे भान

जपानचा क्यूशू प्रांत आणि कोरिया यांच्यामधील सामुद्रधुनीत त्सुशिमा नावाचे एक डोंगराळ बेट आहे. इ. स. १२७४ मध्ये कुब्लाईखानाचे आरमार कोरियाच्या किनाऱ्यावरून जपानवर चालून निघाले, तेव्हा पहिला घाव याच बेटाने सोसला. सो सुकेकुनी हा बेटाचा वयोवृद्ध कारभारी सुमारे ऐंशी स्वारांनिशी कोमोदाच्या किनाऱ्यावर उभा राहिला. समोर हजारोंची सेना होती. परिणाम काय होणार हे ठरलेलेच होते. सुकेकुनी आणि त्याचे सहकारी धारातीर्थी पडले, बेट उद्ध्वस्त झाले आणि आक्रमकांचे तारू पुढे इकी बेटाकडे व हाकाता उपसागराकडे वळले. त्या वीरांच्या स्मरणार्थ कोमोदाच्या किनाऱ्यावर आज देवस्थान आहे. दर वर्षी तेथे उत्सव होतो, चिलखते ल्यालेली माणसे मिरवणुकीने सागरतीरी येतात आणि समुद्राच्या दिशेने धनुष्याची प्रत्यंचा वाजविली जाते. साडेसातशे वर्षे उलटली, तरी त्या बेटाला आपले पूर्वज कोठे आणि कशासाठी पडले याचा विसर पडलेला नाही.

परंतु जपानबाहेरच्या जगाला, किंबहुना जपानमधल्याही बहुसंख्य तरुणांना, हे बेट ठाऊक झाले ते इतिहासाच्या ग्रंथांमुळे नव्हे. ते ठाऊक झाले एका व्हिडिओ गेममुळे. 'घोस्ट ऑफ त्सुशिमा' हा खेळ जुलै २०२० मध्ये सोनीच्या प्लेस्टेशन यंत्रावर आला आणि सप्टेंबर २०२४ पर्यंत त्याच्या १ कोटी ३० लाखांहून अधिक प्रती खपल्या. एखाद्या ऐतिहासिक कादंबरीची वा चित्रपटाची झेप किती, याचा विचार केला म्हणजे या आकड्याचे मर्म ध्यानी येईल. चित्रपट दोन-अडीच तासांत संपतो. हा खेळ खेळणारा तरुण कित्येक तास, कित्येक दिवस त्या बेटावर वावरतो, तेथील रानवाटा तुडवितो, तेथील देवळांपुढे मान लववितो आणि आक्रमकांशी झुंजतो. अशा गोष्टीला 'पोरखेळ' म्हणून झटकून टाकणे हे शहाणपणाचे लक्षण नव्हे.

या खेळाचा नायक जिन साकाई हा काल्पनिक सामुराई आहे. कोमोदाच्या रणात सारे सहकारी पडलेले, जो पितृस्थानी तो मामा शत्रूच्या कैदेत, अशा अवस्थेत तो एकटा उरतो. सामुराईच्या रीतीनुसार समोरासमोर उभे राहून आव्हान द्यावे, तर शत्रूला त्या रीतीचे सोयरसुतक नाही. मग जिन रात्रीच्या अंधारात छापे घालू लागतो, गवतात दबा धरतो, शत्रूच्या मनात भय पेरतो. लोक त्याला त्सुशिमाचे 'भूत' म्हणू लागतात. बेट वाचू लागते. पण मामाच्या दृष्टीने भाच्याने कुळाची अब्रू घालविलेली असते. कीर्ती राखावी की प्रजा राखावी, हा या कथेचा गाभा आहे.

मराठी वाचकाला हा पेच फार ओळखीचा वाटेल. आणि त्याचे उत्तरही ठाऊक असेल. महाभारताच्या शांतिपर्वात आपद्धर्माची स्वतंत्र चर्चा आहे. संकटकाळी धर्माचे रक्षण कोणत्या मार्गाने करावे, हा प्रश्न आपल्या पूर्वजांनी टाळला नाही. छत्रपती शिवाजी महाराजांनी तर तो प्रत्यक्ष सह्याद्रीत सोडविला. फेब्रुवारी १६६१ मध्ये उंबरखिंडीच्या दाट अरण्यात कारतलबखानाची अवजड फौज मूठभर मावळ्यांनी कोंडली आणि शरण आलेल्या शत्रूला खंडणी घेऊन जाऊ दिले. एप्रिल १६६३ मध्ये लाल महालात शिरून शाहिस्तेखानाला शासन केले. या गनिमी काव्याने महाराजांचे क्षात्रतेज उणावले असे या भूमीला कधी वाटले नाही, कारण येथे शौर्याची कसोटी योद्ध्याची प्रतिष्ठा ही नव्हती. रयतेचे रक्षण ही होती. जिन साकाई ज्या निष्कर्षाला कथेच्या अखेरीस रडतखडत पोचतो, तेथून शिवचरित्राचा आरंभ होतो. मग प्रश्न असा उभा राहतो की, जगभरच्या तरुणांच्या हाती जिन साकाईची तलवार आहे, मावळ्याचा भाला का नाही?

या प्रश्नाचे उत्तर शोधताना एक गोष्ट प्रथम ध्यानात घेतली पाहिजे. 'घोस्ट ऑफ त्सुशिमा' जपानी माणसांनी घडविलेला नाही. तो घडविला अमेरिकेच्या वॉशिंग्टन राज्यातील 'सकर पंच' या संस्थेने. ही संस्था २०११ पासून मूळच्या जपानी सोनी उद्योगसमूहाच्या मालकीची आहे, हे खरे. पण कथा, चित्रण आणि रचना अमेरिकी कलावंतांची. परक्यांनी आपली कथा सांगितली की ती विकृत होते, असा आपल्याकडचा अनुभव. येथे तसे घडले नाही. 'फामित्सु' या जपानमधील मान्यवर नियतकालिकाने या खेळाला ४० पैकी ४० गुण दिले. निर्मात्यांनी बेटाला भेटी दिल्या, तेथील ध्वनी मुद्रित केले, सोनीच्या जपानी सहकाऱ्यांचा सल्ला घेतला. अकिरा कुरोसावांच्या चित्रपटांसारखा कृष्णधवल रूपात हा खेळ खेळण्याची सोय केली आणि त्या रूपाला कुरोसावांचे नाव देताना त्यांच्या वारसांची अनुमती घेतली. खेळात वाट दाखविण्यासाठी पडद्यावर बाण रेखाटण्याऐवजी वारा वाहतो आणि गवत त्या दिशेने झुकते. १२७४ आणि १२८१ या दोन्ही स्वाऱ्यांच्या वेळी शत्रूचे आरमार उधळणाऱ्या वादळाला जपानी माणूस 'कामिकाझे' म्हणजे देवाचा वारा म्हणतो. त्याची आठवण व्हावी असेच हे योजन आहे. रानातला कोल्हा खेळाडूला इनारी देवतेच्या लहानशा देवळापाशी नेतो आणि नायक तेथे नतमस्तक होतो.

काटेकोर इतिहास म्हणून पाहिले तर खेळात दोष आहेत. हायकू हा काव्यप्रकार त्या काळी आजच्या रूपात नव्हता. चिलखते आणि तलवारी बऱ्याच अंशी पुढल्या शतकांतल्या आहेत. सामुराईची जी आचारसंहिता खेळात कथेचा कणा बनते, तिला रेखीव रूप शांततेच्या एदो काळात मिळाले. पण जपानी जनतेने हे सारे क्षम्य मानले, कारण दृष्टी आदराची होती.

परक्याच्या लेखणीत हा आदर कोठून आला? तो उपदेशाने वा निषेधाने आलेला नाही. तो आला जपानने स्वतः केलेल्या पिढ्यान्‌पिढ्यांच्या कामातून. मंगोल स्वारीत लढलेल्या ताकेझाकी सुएनागा नावाच्या एका सामान्य योद्ध्याने तेराव्या शतकाच्या अखेरीस आपल्या पराक्रमाचे चित्रपट्ट काढवून घेतले. ते शाही संग्रहात आजही जतन आहेत. कुरोसावांनी १९५४ साली 'सेव्हन सामुराई' काढला. जपानची सार्वजनिक प्रसारणसंस्था 'एनएचके' १९६३ पासून वर्षभर चालणाऱ्या भव्य ऐतिहासिक मालिका अखंड दाखवीत आली आहे. व्हिडिओ गेमच्या क्षेत्रात २००१ साली 'ओनिमुशा' आला. २००५ साली योशित्सुने आणि बेन्केई या लोकप्रिय वीरांच्या आख्यायिकेवर 'गेंजी' आला. इतके विपुल, इतके कसदार स्वकीय साहित्य जगापुढे असताना परक्या कलावंताला मन मानेल तसा जपान रंगविता येत नाही. त्याला यजमानाच्या घरात यजमानाच्या रीतीने, जोडे बाहेर काढूनच शिरावे लागते. स्वतःची कथा स्वतः उत्तम सांगणे हेच विकृतीविरुद्धचे सर्वांत भक्कम कवच होय.

या खेळानंतर जे घडले ते त्याहून बोलके आहे. त्सुशिमावर वातात्सुमी हे समुद्रदेवतेचे प्राचीन देवस्थान आहे. समुद्रराजाची कन्या तोयोतामा आणि तिचा दिव्य पती यांची पुराणकथा या स्थानाशी निगडित असून, देवळाची तोरी म्हणजे तोरणद्वारे थेट भरतीच्या पाण्यात उभी आहेत. सप्टेंबर २०२० च्या चक्रीवादळात त्यांपैकी एक तोरण कोसळले. पुजाऱ्यांनी लोकवर्गणीचे आवाहन केले. उद्दिष्ट ५० लाख येनांचे होते. जमले २ कोटी ७० लाख येनांहून अधिक. या देणगीदारांत हा खेळ खेळलेल्यांची संख्या मोठी होती आणि त्यांतील अनेकांनी त्सुशिमाच्या भूमीवर कधी पाऊलही ठेवलेले नव्हते. खेळात ज्यापुढे मान लवविली, त्या देवस्थानासाठी त्यांनी प्रत्यक्षात खिशात हात घातला. पुढे २०२१ साली त्सुशिमाच्या महापौरांनी खेळाच्या दोघा अमेरिकी दिग्दर्शकांना बेटाचे पर्यटनदूत नेमून गौरविले. चांगल्याला चांगले म्हणण्याची ही दिलदारी आत्मविश्वासातून येते.

आणि जेथे मर्यादा ओलांडली जाते तेथे हाच समाज ठामही राहतो. फ्रान्सच्या 'युबिसॉफ्ट' कंपनीचा 'असॅसिन्स क्रीड शॅडोज' हा खेळ मार्च २०२५ मध्ये आला. ओदा नोबुनागाच्या पदरी असलेला यासुके हा आफ्रिकी पुरुष त्यातील एक नायक. यासुके इतिहासात खरोखर होऊन गेला. त्याचे स्थान नेमके काय होते, यावर मात्र वाद झाला. वादाला अधिक धार आली ती अन्य कारणांनी. सेकिगाहारा येथील एका ऐतिहासिक पथकाचा ध्वज अनुमतीवाचून चित्रांत वापरला गेला, त्याबद्दल कंपनीला क्षमा मागावी लागली. नागासाकीच्या अणुस्फोटात अर्धे उरलेले एकपायी तोरण खेळाशी संबंधित मूर्तीत शोभेसाठी वापरले गेले. ती मूर्ती मागे घ्यावी लागली. हिमेजी येथील एका खऱ्याखुऱ्या देवस्थानाचे चित्रण खेळात होते आणि तेथील पूजासामग्रीची मोडतोड खेळाडूला करता येत होती. हा विषय जपानच्या संसदेत उपस्थित झाला. तत्कालीन पंतप्रधान शिगेरू इशिबा यांनी देवस्थानाची विटंबना म्हणजे राष्ट्राचा अपमान, अशा आशयाची भूमिका घेतली. कंपनीने आपल्या खेळात सुधारणा केली. देवळांतील वस्तू फोडता येणार नाहीत अशी व्यवस्था झाली. कोठे जाळपोळ झाली नाही, खेळावर बंदी आली नाही. पण जे मागायचे ते नेमके मागितले आणि मिळविले. कोणता ध्वज, कोणते तोरण, कोणते देवस्थान, हे सप्रमाण सांगणारा निषेध परिणामकारक ठरतो. 'भावना दुखावल्या' एवढ्याच मोघम घोषणेने काही दिवस गाजावाजा होतो आणि पुढे सारे विरून जाते.

कीर्तीची किंमतही मोजावी लागते, हेही त्सुशिमाने दाखविले. परदेशी पर्यटकांच्या अनुचित वर्तनाला कंटाळून वातात्सुमी देवस्थानाने मार्च २०२५ मध्ये उपासकांखेरीज इतरांना प्रवेश नाकारला. देवस्थान हे प्रथम उपासनेचे स्थान आहे, दृश्य नंतर. तीर्थक्षेत्रांचे सहलीच्या ठिकाणांत रूपांतर होताना पाहणाऱ्या आपल्या समाजानेही हे मनावर कोरून ठेवावे.

जपानची ही उदाहरणे परक्या देशाची म्हणून दूर ठेवण्याचे कारण नाही. ज्या उएसुगी केनशिन या सोळाव्या शतकातील विख्यात सेनापतीच्या पराक्रमावर जपानी तरुण आजही लुब्ध आहे, त्याच्या ध्वजावर बिशामोन्तेन या युद्धदेवतेच्या नावाचे आद्याक्षर होते. आणि बिशामोन्तेन म्हणजे आपला वैश्रवण, कुबेर. जपानची बेन्झाइतेन ही आपली सरस्वती, ताइशाकुतेन हा आपला इंद्र. बौद्ध धर्माच्या वाटेने गेलेल्या या देवता तेथे आजही पूजिल्या जातात. युगो साको या जपानी दिग्दर्शकाने तर भारतीय चित्रकार राम मोहन यांच्या सहकार्याने संपूर्ण रामायण चलच्चित्रांत उभे केले. १९९३ साली प्रथम दाखविला गेलेला तो चित्रपट जानेवारी २०२५ मध्ये भारतभर पुन्हा प्रदर्शित झाला. रामकथेचे हे देखणे रूप जपानी हातांनी घडावे आणि त्याच काळात आपल्या कलावंतांना तसे पाठबळ मिळू नये, ही बाब अंतर्मुख करणारी आहे.

येथे एक आक्षेप नेहमी पुढे येतो. देवदेवतांना खेळात आणणे म्हणजे त्यांची अवहेलना नव्हे काय? २००९ साली हैदराबादच्या एका संस्थेने हनुमंतावर प्लेस्टेशनसाठी खेळ तयार केला, तेव्हा हाच आक्षेप घेतला गेला. खेळाडूने बटणे दाबून बजरंगबलीला नाचवावे, ही कल्पना काहींना रुचली नाही. आक्षेपामागील श्रद्धेचा मान राखूनही असे म्हणावे लागेल की, हिंदू परंपरेला देवाचे सोंग कधीच वर्ज्य नव्हते. कोकणातल्या दशावतारात गावचाच नट विष्णू होऊन रंगमंचावर येतो आणि पुढे बसलेली म्हातारी हात जोडते. रामलीलेतील मुलांच्या पायांवर राजेरजवाडे डोके ठेवीत आले. प्रश्न सोंगाचा नाही, भावाचा आहे. जपानमध्ये २००६ साली 'कॅपकॉम' कंपनीने 'ओकामी' हा खेळ काढला. त्यात खेळाडू साक्षात सूर्यदेवता आमातेरासूच्या रूपात, शुभ्र लांडग्याच्या देहाने वावरतो. तिच्या पावलांखाली फुले उमलतात, सुकलेली भूमी हिरवी होते. देवतेच्या खेळानेही भक्ती वाढू शकते, फक्त घडविणाऱ्याच्या मनात ती आधी असावी लागते.

ती असते, याची साक्ष पुण्यातच आहे. 'नॉडिंग हेड्स गेम्स' या पुण्याच्या छोट्याशा संस्थेने २०२० साली 'राजी : ॲन एन्शंट एपिक' हा खेळ जगापुढे ठेवला. असुरांनी पळविलेल्या आपल्या धाकट्या भावाला सोडविण्यासाठी निघालेली राजी ही मुलगी त्याची नायिका. दुर्गा आणि विष्णू यांच्या संवादातून कथा उलगडते, पहाडी चित्रशैलीची छाया दृश्यांवर आहे. जगातील नामांकित 'द गेम अवॉर्ड्स' सोहळ्यात पदार्पणाच्या उत्कृष्ट खेळांत त्याला नामांकन मिळाले. पण या यशामागची कथा ऐकली की मान खाली जाते. २०१७ साली या मंडळींनी लोकवर्गणीची मोहीम काढली होती; ती अपयशी ठरली. संस्थापकांपैकी एकाला काम चालू ठेवण्यासाठी राहते घर विकावे लागले. एका बेटावरील कोसळलेल्या तोरणासाठी उद्दिष्टाच्या पाचपट रक्कम उभी राहते आणि सव्वाशे कोटींहून मोठ्या देशात दुर्गेची कथा सांगू पाहणाऱ्या तरुणांना उद्दिष्टही गाठता येत नाही! संस्कृतीचा अभिमान सभांतून, मिरवणुकांतून, भ्रमणध्वनीवरच्या संदेशांतून ओसंडतो. मात्र तिच्यासाठी मोल मोजण्याची वेळ आली की तो आटतो. हे चित्र बदलले नाही तर परक्यांना दोष देण्याचा नैतिक अधिकारही उरत नाही.

अनुकूलता आज पूर्वीपेक्षा निश्चितच अधिक आहे. मे २०२५ मध्ये मुंबईत 'वेव्हज्' ही दृक्‌श्राव्य माध्यमांची जागतिक परिषद झाली. याच क्षेत्राचे शिक्षण देणारी राष्ट्रीय संस्था मुंबईत उभी राहिली. महाराष्ट्र शासनाने त्याच वर्षी चलच्चित्र आणि गेमिंग क्षेत्रासाठी स्वतंत्र धोरण मंजूर केले. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैशांच्या ऑनलाइन जुगारी खेळांना मनाई करणारा कायदा केला; त्यात ई-क्रीडा आणि निकोप खेळांना उत्तेजन देण्याचा हेतूही नमूद आहे. जुगार आणि खेळ यांत भेद करणारा हा विवेक स्वागतार्ह आहे. त्यातच जुलै २०२५ मध्ये 'मराठा लष्करी भूप्रदेश' म्हणून रायगड, राजगड, प्रतापगडापासून तामिळनाडूतील जिंजीपर्यंतचे बारा किल्ले युनेस्कोच्या जागतिक वारसा सूचीत समाविष्ट झाले. खेळाला लागणारी भूमी, कथा आणि नायक, तिन्ही सिद्ध आहेत.

उणीव आहे ती कर्तृत्वाची आणि सहकार्याची. किल्ल्यांचा अभ्यासक, मोडीचा जाणकार, शस्त्रांचा संग्राहक, चित्रकार आणि संगणकतज्ज्ञ हे एका मेजाभोवती बसले, तर मावळ्याच्या हाती चुकीचे शस्त्र आणि गडावर चुकीचे बुरूज येणार नाहीत. उद्योजकांनी देवळाच्या कळसाला सोने द्यावे, तसेच त्या देवळाची कथा सांगणाऱ्या उपक्रमालाही भांडवल द्यावे. पालकांनी मुलाच्या हातातला खेळ केवळ हिसकावून घेऊ नये. त्याच्या हाती अधिक चांगला, आपला खेळ द्यावा, आणि तो फुकटात मिळविण्याऐवजी विकत घेऊन द्यावा. शिवचरित्रावर, विजयनगरावर, चोळांच्या आरमारावर असे खेळ निघाले, तर ते निर्दोष नसतील. पहिल्या प्रयत्नांना हसणाऱ्यांची संख्याही मोठी असेल. पण 'त्सुशिमा'च्या मागे ताकेझाकी सुएनागापासूनची सात शतके उभी आहेत, हे विसरून चालणार नाही.

कोमोदाच्या किनाऱ्यावर वाजणाऱ्या प्रत्यंचेचा नाद त्या बेटापुरताच होता. तो कोट्यवधी घरांत पोचला, कारण जपानने आपली स्मृती जपली, तिला नवनवी रूपे दिली आणि तिच्यासाठी मोल मोजले. उंबरखिंडीतला रणशिंगाचा आवाज अजून सह्याद्रीच्या कड्यांतच घुमतो आहे. तो जगाने ऐकावा असे वाटत असेल, तर तो ऐकविण्याचे दायित्व हिंदू समाजाला स्वतःच्याच शिरावर घ्यावे लागेल.